नारळाला पोटॅश लागतं: बिकिनी आणि राँगेलॅपच्या मातीत काय उरलं

कोकणात पूर्वी चुना शिंपल्यांपासून करत. शिंपले भट्टीत भाजायचे, भाजलेल्या कळीवर पाणी शिंपडायचं, की ती फुटून पांढरी भुकटी पडते. शिंपला काय, प्रवाळ काय, दोन्ही कॅल्शियम कार्बोनेटच. १ मार्च १९५४ ला सकाळी पावणेसात वाजता अमेरिकेने पॅसिफिक महासागरात मार्शल बेटांपैकी बिकिनी इथे हायड्रोजन बॉम्बची चाचणी केली, तेव्हा लाखो टन प्रवाळ एका क्षणात असाच भाजून निघाला आणि आकाशात गेला. खाली सुमारे दोन किलोमीटर रुंद आणि ७५ मीटर खोल खड्डा उरला. वर गेलेली चुन्याची भुकटी थंड होत गेली, तशी अणू फुटून तयार झालेली किरणोत्सारी द्रव्यं तिच्या कणाकणावर बसली. चार-सहा तासांनी ती भुकटी पूर्वेला दीडशे किलोमीटरवरच्या राँगेलॅपवर पडू लागली.

पांढरी आणि मऊ होती. मुलं तिच्यात खेळली. बायकापुरुषांच्या खोबरेल लावलेल्या केसांना ती चिकटून बसली. पावसाचं पाणी साठवायच्या टाक्यांत पडली, उघड्या अन्नावर पडली. बेटावर कुणालाही आधी काही सांगितलेलं नव्हतं.

मार्शल बेटं म्हणजे विषुववृत्ताच्या थोडी उत्तरेला पसरलेली २९ कंकणद्वीपं आणि पाच सुटी बेटं. कंकणद्वीप म्हणजे प्रवाळाची बांगडी: काठावर लहान लहान बेटांची माळ, मधे लगून नावाचं शांत, उथळ पाणी. १९४६ ते १९५८ या काळात अमेरिकेने इथे ६७ अणुचाचण्या केल्या, बहुतेक सगळ्या बिकिनी आणि एनिवेटॉकवर. ब्राव्हो नावाची ही चाचणी त्यांतली सर्वांत मोठी. इथे मुख्यतः तिच्याबद्दल लिहितो आहोत, कारण अणुचाचणीची हानी सत्तर वर्षांनंतरही कशी टिकून राहते, ते हिच्यावरून नीट समजतं.

बॉम्ब अपेक्षेपेक्षा मोठा निघाला, हे अनर्थाचं पहिलं कारण. अंदाज सुमारे ६ मेगाटनांचा होता (एक मेगाटन म्हणजे दहा लाख टन टीएनटी स्फोटकाइतकी ऊर्जा). प्रत्यक्षात १५ मेगाटन ऊर्जा बाहेर पडली, हिरोशिमाच्या साधारण हजारपट. इंधन होतं लिथियम ड्युटेराइड. लिथियमचे दोन प्रकार असतात, लिथियम-६ आणि लिथियम-७. न्यूट्रॉन आदळला की लिथियम-६ पासून ट्रिटियम, म्हणजे जड हायड्रोजन, तयार होतो आणि तो संमीलनाला, म्हणजे हलके अणू जुळून ऊर्जा बाहेर पडायला, उपयोगी पडतो, हे ठाऊक होतं. इंधनातल्या लिथियमपैकी सुमारे ६० टक्के लिथियम-७ होता आणि तो या खेळात भागच घेणार नाही असं धरून चालले होते. पण न्यूट्रॉन पुरेसा वेगवान असला तर तो लिथियम-७ लाही फोडतो. त्यातून ट्रिटियम मिळतो आणि वर एक न्यूट्रॉन मोकळा होतो. असे वाढीव न्यूट्रॉन बॉम्बच्या युरेनियमच्या कवचात घुसले आणि तिथे आणखी विखंडन झालं, म्हणजे जड अणू फुटले. ब्राव्होची सुमारे दोन तृतीयांश ऊर्जा विखंडनातूनच आली. राखेतलं विष येतं ते या विखंडनातून.

दुसरं कारण वारा. वरच्या थरांतले वारे वस्तीच्या बेटांकडे वळताहेत, हे आदल्या रात्रीच्या हवामानाच्या आढाव्यात दिसलं होतं. तरी चाचणी पुढे ढकलली गेली नाही. हा निव्वळ अपघात नव्हता, असं आम्हाला वाटतं ते यामुळे. बॉम्ब किती मोठा निघेल हे चुकलं असेल. वाऱ्याची दिशा समोर होती.

राँगेलॅपवर त्या दिवशी ६४ माणसं होती, शेजारच्या आयलिंगिनेवर १८, आणखी पूर्वेला युटिरिकवर सुमारे १६०. राँगेरिकवर हवामानाच्या कामासाठी २८ अमेरिकी सैनिक होते. सैनिकांना काय पडतंय हे कळत होतं. त्यांनी अंगभर कपडे घातले, ते पत्र्याच्या इमारतीत थांबले, आणि त्यांना दुसऱ्या दिवशी हलवलं गेलं. राँगेलॅपच्या लोकांना हलवायला सुमारे ५० तास लागले. आयलुक बेटावरच्या ४०१ जणांना तर हलवलंच नाही.

हे ५० तास किती महत्त्वाचे होते, ते एका साध्या हिशेबातून कळतं. ताज्या अणुराखेसाठी सात-दहाचा नियम वापरतात: स्फोटानंतरचा वेळ सातपट झाला की किरणांचा जोर दहावा हिस्सा उरतो. पहिल्या तासाला जोर १,००० धरला तर सात तासांनी १००, ४९ तासांनी १०, दोन आठवड्यांनी १. म्हणजे सगळ्यात जास्त मार बसतो तो सुरुवातीला. पाच तासांनी राख पडू लागली असं धरून गणित केलं, तर पुढच्या महिन्याभरात तिथे राहून जेवढी मात्रा अंगावर आली असती, तिच्यातली निम्म्याहून जास्त पहिल्या दोन दिवसांतच येते. बोटी आल्या तोवर बहुतेक नुकसान होऊन गेलं होतं. राँगेलॅपच्या लोकांना बाहेरून मिळालेली मात्रा सुमारे १.७५ ग्रे (अंगात शोषल्या गेलेल्या किरणांचं माप) असल्याचा तेव्हाचा अंदाज होता. उपचार मिळाले नाहीत तर ४ ग्रेच्या आसपास निम्मी माणसं दगावतात, यावरून तिचा अर्थ लावावा.

पहिल्या दोन दिवसांत मळमळ, उलट्या, अंगाला खाज, डोळ्यांची आग. मग जरा बरं वाटलं. साधारण दोन आठवड्यांनी मान, टाळू आणि पावलांवर जखमा उठल्या, केस पुंजक्यांनी गळू लागले. या जखमा बीटा किरणांच्या. बीटा किरण फार खोल जात नाहीत, पण राख अंगाला चिकटून राहिली की कातडीचा थर भाजतात. म्हणून राख जिथे जास्त टिकली तिथेच जखमा झाल्या: तेल लावलेल्या डोक्यावर, घामाने ओल्या मानेच्या वळ्यांत, अनवाणी पावलांवर. ताबडतोब अंघोळ आणि कपडे बदलणं एवढ्यानेही या जखमा बऱ्याच टळल्या असत्या.

याच राखेत ‘दाइगो फुकुर्यु मारू’ ही जपानी मासेमारी बोट सापडली. तिच्यावर २३ खलाशी होते. १४ मार्चला ती जपानच्या याइझू बंदरात परतली, तेव्हा खरा प्रकार जगाला कळला. तिचा रेडिओ ऑपरेटर आइकिची कुबोयामा २३ सप्टेंबर १९५४ ला वारला. तो ४० वर्षांचा होता. मधल्या काळात, २ एप्रिलला, पंडित नेहरूंनी लोकसभेत अशा चाचण्या निदान तूर्त तरी थांबवाव्यात अशी मागणी केली. सरकारप्रमुखाने जाहीरपणे केलेल्या अशा पहिल्या मागण्यांपैकी ती एक. त्याच महिन्यात मार्शल बेटांच्या लोकांनी संयुक्त राष्ट्रांकडे अर्ज पाठवला. आपल्यासाठी जमीन म्हणजे नुसती पीक काढायची आणि घर बांधायची जागा नाही, आपलं जगणंच तिच्यात आहे, असं त्यांनी त्यात लिहिलं होतं. चाचण्या पुढे आणखी चार वर्षं चालल्या.

शरीर का फसतं

राखेत शेकडो प्रकारची किरणोत्सारी द्रव्यं असतात. बहुतेक तासांत किंवा दिवसांत संपतात. जी काही मोजकी पुढे माणसाला छळतात, ती छळतात कारण शरीराला ती ओळखीची वाटतात. पेशीला अणू किरणोत्सारी आहे की नाही हे कळायचा मार्ग नसतो. तिला फक्त त्याचं रसायन कळतं.

आयोडीन घ्या. गळ्यातल्या थायरॉइड ग्रंथीला संप्रेरक बनवायला आयोडीन लागतं, ती ते रक्तातून ओढून साठवते. किरणोत्सारी आयोडीन आलं तर तेही साठवते. आयोडीन-१३१ चं अर्धायुष्य ८ दिवसांचं, म्हणजे दर आठ दिवसांनी ते निम्मं होतं. राँगेलॅपवर मात्र राख इतकी ताजी होती, की ज्यांचं आयुष्य काही तासांचंच असतं अशा आयोडीनच्या इतर प्रकारांनी जास्त इजा केली. लहान मुलाची थायरॉइड आकाराने लहान, त्यामुळे तेवढंच आयोडीन गेलं तरी दर ग्रॅम ग्रंथीमागे मात्रा कितीतरी जास्त बसते. साध्या आयोडीनची गोळी वेळेवर दिली तर ग्रंथी आधीच भरते आणि हे टळतं. पण ती आधी, किंवा पहिल्या काही तासांत घ्यावी लागते. दोन दिवसांनी तिचा फारसा उपयोग नसतो.

स्ट्रॉन्शियम-९० हे कॅल्शियमच्या कुळातलं. ते हाडांत आणि दातांत जाऊन बसतं, अर्धायुष्य सुमारे २९ वर्षं. बेटांवरचा नारळखेकडा कात टाकतो आणि आपलीच टाकलेली कवटी खातो, कारण जमिनीवर कॅल्शियम सहज मिळत नाही. त्याच सवयीमुळे स्ट्रॉन्शियम त्याच्या अंगातून बाहेर पडतच नाही. हा खेकडा तिथल्या लोकांच्या आवडीचा. राँगेलॅपला परतल्यावर त्यांना तो खायला मनाई झाली.

तिसरं सीझियम-१३७, अर्धायुष्य ३० वर्षं. ते पोटॅशियमसारखं वागतं, त्यामुळे स्नायूंत, म्हणजे जवळजवळ सगळ्या अंगात पसरतं. माणसाच्या शरीरातून ते काही महिन्यांत निघून जातं. मग धोका कसला? रोजच्या जेवणातून ते पुन्हा आत येत राहिलं, तर. या बेटांवर नेमकं तेच घडलं, आणि त्याकडे पुढे वळतोच.

प्लुटोनियम, म्हणजे अणुबॉम्बमधला जड धातू, याची गोष्टच वेगळी. शरीराला त्याची गरज नाही आणि अन्नातून ते फारसं शोषलं जात नाही. पण धुळीतून फुफ्फुसात गेलं की बराच काळ मुक्काम करतं. अर्धायुष्य २४,१०० वर्षं.

राँगेलॅप

१९५७ मध्ये राँगेलॅपच्या लोकांना परत नेलं. जमिनीवरून येणारे किरण तोवर खूप कमी झाले होते, त्या अर्थाने जागा सुरक्षित म्हटली गेली. पण लोक तिथली फळं, नारळ, खेकडे खाणार होते. परतल्यावर त्यांच्या अंगातल्या सीझियम आणि स्ट्रॉन्शियमची पातळी वाढत गेली. अमेरिकेतल्या ब्रुकहेवन प्रयोगशाळेचे डॉक्टर दरवर्षी येऊन ती मोजत होते. ब्राव्होनंतर लगेच ‘प्रकल्प ४.१’ नावाने या लोकांचा अभ्यास सुरू झाला होता. रुग्ण म्हणून आपल्याला वागवलं की प्रयोगातला नमुना म्हणून, हा प्रश्न तिथले लोक तेव्हापासून विचारत आले आहेत, आणि तो रास्त आहे.

सुरुवातीच्या चार वर्षांत राँगेलॅपच्या बायकांमध्ये गर्भपात आणि मृत जन्मांचं प्रमाण राखेत न सापडलेल्या बायकांच्या सुमारे दुप्पट नोंदलं गेलं. संख्या लहान असल्याने शास्त्रज्ञ यावर ठाम निष्कर्ष काढत नाहीत. ज्या घरांत हे झालं त्यांच्या दृष्टीने ती संख्या लहान नव्हती. १९६३ पासून थायरॉइडच्या गाठी दिसू लागल्या. ब्राव्होच्या वेळी दहा वर्षांच्या आत असलेल्या मुलांपैकी बहुतेकांना पुढे गाठी झाल्या. दोन मुलांची थायरॉइड इतकी मेली की त्यांची वाढच खुंटली. राख पडली तेव्हा एक वर्षाचा असलेला एक मुलगा १९७२ मध्ये रक्ताच्या कर्करोगाने गेला.

अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेच्या शास्त्रज्ञांनी २०१० मध्ये हिशेब मांडला. १९४८ ते १९७० दरम्यान मार्शल बेटांवर राहिलेल्या सगळ्या लोकांचे आयुष्यभरातले कर्करोग धरले, तर त्यांतले सुमारे १.६ टक्के चाचण्यांमुळे. राँगेलॅप आणि आयलिंगिनेवरच्या ८२ जणांपुरतं पाहिलं, तर सुमारे ५५ टक्के. दोन्ही आकडे एकाच अभ्यासातले आहेत. कुणी पहिलाच आकडा सांगून थांबला, तर दुसरा विचारावा.

१९८५ मध्ये राँगेलॅपच्या लोकांनी स्वतःच बेट सोडायचं ठरवलं. त्या मे महिन्यात ग्रीनपीस या पर्यावरणवादी संघटनेच्या ‘रेनबो वॉरियर’ जहाजाने त्यांना घरांच्या लाकूडसामानासकट मेजाटो बेटावर नेलं.

एनिवेटॉकचा घुमट

एनिवेटॉकच्या लोकांना १९४७ मध्ये हलवलं आणि ते १९८० मध्ये परत आले, तेही फक्त दक्षिणेकडच्या बेटांवर. त्याआधी १९७७ ते १९८० या काळात सुमारे ४,००० अमेरिकी सैनिकांनी तिथे सफाई केली. खरवडलेली माती आणि मोडतोड, सुमारे ८५,००० घनमीटर, रुनिट बेटावरच्या एका जुन्या चाचणीच्या खड्ड्यात भरली आणि वर सुमारे ४५ सेंटिमीटर जाडीच्या काँक्रीटच्या फरशांचा घुमट बांधला.

खड्ड्याला तळाशी अस्तर घातलेलं नाही. प्रवाळाचा दगड सच्छिद्र असतो, त्यामुळे खालचं पाणी भरती-ओहोटीबरोबर आतल्या कचऱ्यात चढतं-उतरतं. घुमट फुटला तर काय, याची भीती बातम्यांत पुष्कळदा येते. खरी अडचण जास्त साधी आहे: घुमटाखाली जे आहे तो एकूण प्लुटोनियमचा लहानसा हिस्सा, त्याच्या कितीतरी पट लगूनच्या तळाच्या गाळात उघडंच पडलेलं आहे. ते उचलून नेण्याचा व्यवहार्य मार्ग कुणाकडे नाही. सफाई केलेल्या सैनिकांपैकी पुष्कळांनी उघड्या अंगाने, मास्क न लावता काम केलं होतं. किरणोत्सारामुळे होणाऱ्या आजारांसाठी अमेरिकी कायद्याने त्यांना मान्यता दिली ती २०२२ मध्ये.

बिकिनीचे नारळ

बिकिनीवरच्या १६७ लोकांना मार्च १९४६ मध्ये बेट सोडायला लावलं. हे मानवजातीच्या भल्यासाठी आहे, असं त्यांना चर्च सुटल्यावर सांगण्यात आलं. आधी राँगेरिक, तिथे उपासमार. मग १९४८ मध्ये किली. पुढे १९६८ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष जॉन्सन यांनी बिकिनी राहण्याजोगं असल्याचं जाहीर केलं. नवी नारळाची झाडं लावली गेली, काही कुटुंबं परतली. झाडं फळाला आली तशी माणसांच्या अंगातल्या सीझियमची पातळी चढू लागली. सप्टेंबर १९७८ मध्ये १३९ जणांना पुन्हा बेटावरून काढलं.

चूक कुठे झाली? मातीत. आपल्याकडच्या मातीत चिकणमातीचे खनिज कण असतात. त्यांच्या पापुद्र्यांत सीझियम अडकून बसतं आणि मुळांना सहजी मिळत नाही. प्रवाळाच्या बेटावर चिकणमाती जवळजवळ नसतेच. वरच्या थरात कुजलेला पालापाचोळा, खाली चुनखडीची वाळू. सीझियम त्या पाचोळ्याच्या थरात सैल राहतं. वर त्या मातीत पोटॅशियमही अगदी कमी. नारळाला पोटॅश किती लागतं, हे कोकणातल्या किंवा गोव्यातल्या बागायतदाराला सांगायला नको. शहाळ्याच्या पाण्यात पोटॅशियम भरपूर असतं ते उगाच नाही. भुकेलेलं झाड मुळांनी पोटॅशियम शोधतं, ते मिळत नाही, आणि त्याच्यासारखंच दिसणारं सीझियम उचलतं. ते शहाळ्यात येतं, खोबऱ्यात येतं. केवड्याच्या कुळातल्या पॅन्डानसच्या फळात आणि निरफणसातही येतं. बेटावरचा रोजचा आहार हाच.

उपायही याच तर्कातून निघाला. अमेरिकेतल्या लॉरेन्स लिव्हरमोर प्रयोगशाळेच्या शास्त्रज्ञांनी बिकिनीवर झाडांना पोटॅशियम क्लोराइड घालून पाहिलं, म्हणजे आपल्या खतांच्या दुकानात मिळतं ते म्युरेट ऑफ पोटॅश. नारळातलं सीझियम ९० टक्क्यांच्या आसपास घटलं आणि परिणाम काही वर्षं टिकला. दुसरा मार्ग वरची माती खरवडून टाकण्याचा. त्याने सीझियम जातं खरं, पण बेटावर जी काही सुपीक माती असते ती तेवढीच. ती गेली की झाडं वाढवायला कित्येक दशकं जातात. म्हणून घरांभोवती माती बदलायची आणि बागांना पोटॅश द्यायचं, असा मेळ सुचवला गेला. आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेने १९९८ मध्ये दिलेला निष्कर्ष असा, की उपाय न करता तिथलंच अन्न खाऊन कायमचं राहू नये, कारण वर्षाला सुमारे १५ मिलीसिव्हर्ट (किरणांच्या शरीरावरच्या परिणामाचं माप) मात्रा बसेल. नैसर्गिक पार्श्वभूमीची जागतिक सरासरी २.४ मिलीसिव्हर्ट असते.

लगूनमधले मासे मात्र बरेचसे खाण्याजोगे आहेत. कारण पुन्हा तेच: समुद्राच्या पाण्यात पोटॅशियम मुबलक, माशाला सीझियम उचलायची गरजच पडत नाही. त्यामुळे आज बिकिनीच्या किनाऱ्यावर चालता येतं, पोहता येतं, मासे खाता येतात. झाडाचा नारळ काढून रोज खाता येत नाही. १९५४ मध्ये पडलेल्या सीझियमपैकी साधारण पाचवा हिस्सा अर्धायुष्याच्या हिशेबाने अजून शिल्लक आहे. पाऊस त्यातलं काही खाली वाहून नेतो, म्हणून वरच्या थरात ते त्याहून लवकर घटतं आहे.

भरपाईचं काय? १९८६ च्या करारात अमेरिकेने १५ कोटी डॉलरचा निधी ठेवला आणि त्यात सगळे दावे मिटले असं धरलं. दाव्यांसाठी नेमलेल्या न्यायाधिकरणाने पुढे दोन अब्ज डॉलरहून जास्त रकमा मंजूर केल्या, त्यांपैकी बिकिनीच्या वाट्याला २००१ मध्ये ५६.३ कोटी. ते द्यायला निधीत पैसेच नव्हते. २०१४ मध्ये मार्शल बेटांनी हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात नऊ अण्वस्त्रधारी देशांविरुद्ध निःशस्त्रीकरणाचे दावे लावले. त्यांत भारतही होता. ५ ऑक्टोबर २०१६ ला भारताविरुद्धचा दावा ९ विरुद्ध ७ मतांनी अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावर फेटाळला गेला.

बिकिनीच्या लोकांना जिथे नेलं ते किली हे एक चौरस किलोमीटरहूनही लहान बेट आहे. त्याला लगून नाही. वर्षातले बरेच महिने समुद्र इतका खवळलेला असतो की होडी घालता येत नाही. ज्यांचं जेवण नारळ, निरफणस आणि लगूनची मासळी होतं, ते तिथे बोटीने येणाऱ्या तांदूळ, मैदा आणि डबाबंद मांसावर जगू लागले. मार्शल बेटांवर आज मधुमेहाचं प्रमाण जगातल्या सर्वांत जास्त प्रमाणांपैकी आहे. कर्करोगाच्या कुठल्याही हिशेबात तो आजार धरलेला नसतो.